चार शेजाऱ्यांची वाडी

तेरेखोलची खाडी समुद्राला मिळते तिथे, उत्तरेच्या काठावर, टेकाडावर जांभ्या चिऱ्यांचा एक छोटा किल्ला आहे. खाडीचा तो सगळा काठ, आरोंद्यापासून रेडीपर्यंत, सिंधुदुर्ग जिल्ह्यात येतो. किल्ला आणि त्याच्या पायाशी असलेले चिमुकले तेरेखोल गाव मात्र गोव्याच्या पेडणे तालुक्यात मोडते. गोव्याच्या माणसाला आपल्याच राज्याच्या या तुकड्यावर यायचे तर केरीच्या धक्क्यावरून फेरीबोट धरावी लागते, नाहीतर महाराष्ट्रातून वळसा घालावा लागतो. किल्ला बांधला सावंतवाडीच्या, म्हणजे वाडीच्या, सावंत-भोसल्यांनी. १७४६ साली पोर्तुगीजांनी तो जिंकून घेतला. त्याच मोहिमेत पेडण्यातला हळर्णचा किल्लाही त्यांनी घेतला, आणि त्या विजयाचे मोल त्यांना इतके वाटले की व्हाइसरॉय पेद्रू मिगेल द आल्मैदा यांची मार्क्विस ही पदवीच 'आलोर्ना' या नावाने ओळखली जाऊ लागली. आलोर्ना म्हणजे आपले हळर्ण. पुढे त्यांची नात लिओनोर पोर्तुगालची नामवंत कवयित्री झाली, तीही आलोर्नाची मार्क्विस म्हणूनच. पेडण्यातल्या एका खेड्याचे नाव लिस्बनच्या साहित्याच्या इतिहासात असे जाऊन बसले आहे. ज्या राज्याचा एक किल्ला घेतला म्हणून युरोपातला सरदार आपले नाव बदलून घेतो, ते राज्य त्या काळी त्याच्या हिशेबात किरकोळ नव्हते. आज मात्र मराठी वाचकाला सावंतवाडी म्हटले की लाकडी खेळणी, गंजिफा आणि मोती तलाव आठवतो. 'वाडीने पोर्तुगीजांशी, इंग्रजांशी, कोल्हापूरकरांशी स्वतंत्रपणे लढाया केल्या, तह केले' हे वाक्य शाळेच्या पुस्तकात सापडायचे नाही.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सावंतवाडी संस्थानाचे क्षेत्रफळ ९२५ चौरस मैल, म्हणजे सुमारे २,४०० चौरस किलोमीटर होते आणि १९०१ च्या शिरगणतीत लोकसंख्या दोन लाखांच्या थोडी वर. आजच्या संयुक्त राष्ट्रांच्या यादीशी हा आकडा ताडून पाहिला तर गंमत वाटते. मॉरिशस २,०४० चौरस किलोमीटर, माल्टा ३१६, ग्रेनेडा ३४४, नाउरू तर अवघे २१. लक्झेंबर्ग वाडीहून जेमतेम मोठे. यांतल्या प्रत्येकाला आपला झेंडा आहे आणि आमसभेत चीन-अमेरिकेइतकेच एक मत आहे. म्हणजे 'एवढेसे राज्य काय स्वतंत्र राहणार' हे जे सहज बोलले जाते, त्यात फारसा अर्थ नाही. मग काही लहान मुलुखांचे देश झाले आणि काहींचे तालुके झाले, हे कशावरून ठरले? वाडीचा इतिहास पाहिला तर एक उत्तर पुन्हा पुन्हा समोर येते. लहान राज्य आपल्या तलवारीवर जेवढे जगते, त्याहून कितीतरी जास्त ते आजूबाजूच्या मोठ्यांच्या आपसातल्या भांडणावर जगते. मोठे चार असले तर लहान्याला चार दारे असतात. मोठा एकच उरला की सगळी दारे एकाच अंगणात उघडू लागतात.

वाडीकर मुळात कुडाळ प्रांताचे देसाई, विजापूरच्या आदिलशाहीचे वतनदार. खेम सावंतांनी १६२७ च्या सुमारास स्वतंत्रपणे वागायला सुरुवात केली. नंतर आलेल्या लखम सावंतांची कारकीर्द पाहिली तर ती जणू पुढच्या दीडशे वर्षांचा कित्ता आहे. १६५९ मध्ये त्यांनी शिवाजी महाराजांशी तह केला, अर्धा वसूल देण्याचे आणि फौज बाळगण्याचे कबूल केले. पुढे विजापूरचे पारडे जड वाटताच ते तिकडे झुकले. १६६४ मध्ये महाराजांनी कुडाळवर स्वारी केली तेव्हा ते पोर्तुगीज हद्दीत निघून गेले आणि अखेर परत शिवाजी महाराजांच्या पायाशी येऊन त्यांनी आपले वतन टिकवले. आपल्याकडच्या इतिहासलेखनात या वागण्याला फितुरी म्हणायची रीत आहे. स्वराज्याच्या बाजूने पाहिले तर ते खरेही आहे. पण कुडाळच्या बाजूने पाहिले तर उत्तरेला मराठे, घाटावर आदिलशाही आणि दक्षिणेला पोर्तुगीज असताना कोणा एकाचे होऊन राहणे म्हणजे उरलेल्या दोघांच्या तोंडी जाणे होते. पुढच्या पिढ्यांनी हेच केले. दुसरे खेम सावंत मुघलांकडे गेले, मग शाहू महाराजांची सत्ता उभी राहताच त्यांच्याकडून आपला मुलूख कायम करून घेतला. १७३० मध्ये फोंड सावंतांनी कुलाब्याच्या आंग्र्यांविरुद्ध थेट इंग्रज कंपनीशी तह केला. कंपनी तेव्हा मुंबईत बसून आंग्र्यांच्या गलबतांना टरकणारी एक व्यापारी मंडळी होती, त्यामुळे हा तह बरोबरीच्या नात्याचा होता. तिसऱ्या खेम सावंतांनी १७६३ मध्ये जयाजी शिंद्यांची कन्या लक्ष्मीबाई हिच्याशी लग्न केले आणि शिंद्यांच्या वशिल्याने दिल्लीच्या बादशहाकडून 'राजेबहादूर' हा किताब मिळवला. वाडीपासून ग्वाल्हेर किती लांब! पण शिंद्यांच्या फौजेत याच पट्ट्यातले सारस्वत मोठ्या हुद्द्यांवर होते. तेरेखोलसमोरच्या केरीचे जिवबादादा बक्षी हे त्यांतले सर्वांत नावाजलेले. लांबचा पाठीराखा कसा शोधावा, हे या मुलखाला चांगले ठाऊक होते.

या खेळात समुद्राचे महत्त्व फार मोठे, आणि ते नीट पाहिल्याशिवाय पुढचे कळत नाही. वेंगुर्ला, रेडी, निवती, मालवण ही बंदरे म्हणजे परक्यांना आत येण्याच्या वाटा, तसेच वाडीकरांना आणि मालवण-सिंधुदुर्ग राखणाऱ्या कोल्हापूरकरांना बाहेर हात पोचवण्याच्या वाटा. सतराव्या शतकात डचांनी वेंगुर्ल्याला वखार घातली ती गोव्याची नाकेबंदी करायला सोयीची म्हणून. त्या वखारीच्या पडक्या भिंती अजून गावात आहेत. समुद्रात फिरणाऱ्या गलबतांकडून दस्तक मागणे, दस्तक नसेल तर गलबत पकडणे, ही किनाऱ्यावरच्या प्रत्येक सत्तेची रीत होती. तिचा पायंडा याच किनाऱ्यावर पाडला तो पोर्तुगीजांनी, आपल्या 'कार्ताझ' परवान्यांनी. पण तेच काम मालवण आणि वाडीची गलबते करू लागली तेव्हा इंग्रजी कागदांत त्यांचे नाव 'चाचे' पडले, आणि 'मालवणी' या शब्दालाच तिथे समुद्रावरच्या लुटारूचा वास येऊ लागला. लूट होत नव्हती असे कोणी म्हणणार नाही. पुष्कळ होत होती. प्रश्न एवढाच की एकाची ती जकात आणि दुसऱ्याची ती चाचेगिरी, हे ठरवणार कोण? एखाद्याचा हक्क काढून घ्यायच्या आधी त्याचे नाव बदलावे लागते, आणि किनाऱ्यावर ते काम तोफांच्या आधी दप्तरांनी केले. १७६५ मध्ये 'चाच्यांचा बंदोबस्त' म्हणून मुंबईहून आलेल्या आरमाराने सिंधुदुर्ग आणि रेडी दोन्ही घेतले. सिंधुदुर्गाला त्यांनी 'फोर्ट ऑगस्टस' असे नाव दिले. ते कोणाच्या तोंडी बसले नाही ही गोष्ट वेगळी. वर्षभरात पैसा आणि तह घेऊन दोन्ही किल्ले परत केले, पण खर्चाच्या फेडीसाठी वेंगुर्ल्याचा वसूल १३ वर्षांसाठी गहाण पडला. लक्षात घ्यायची गोष्ट ही की १७६६ मध्ये इंग्रजांनी किल्ले परत केले. पुण्याला पेशवे होते, म्हैसूरला हैदर अली होता, गोव्यात पोर्तुगीज होते. कोकणातला एक कोपरा कायमचा घेऊन सगळ्यांशी वैर पत्करावे, अशी कंपनीची तेव्हा ऐपत नव्हती.

या टिकून राहण्याला किंमत होती आणि ती मुलखाच्या तुकड्यांत मोजली जात होती. १७८१-८२ मध्ये डिचोली आणि सत्तरी पोर्तुगीजांकडे गेली. १७८८ मध्ये कोल्हापूरकरांशी चाललेल्या झगड्यात पोर्तुगीजांची मदत मिळावी म्हणून खेम सावंतांनी पेडणे देऊन टाकले. पोर्तुगीज या भागाला 'नव्या काबिजाती' म्हणू लागले. बादशाही किताबामुळे कोल्हापूर दुखावले, कोल्हापूरला रोखायला पोर्तुगीज हवे झाले, पोर्तुगीजांना पेडणे द्यावे लागले: एका दारातून मिळवलेले दुसऱ्या दारातून असे जात होते. तरी १८०० पर्यंत वाडी उभी होती. तिचा खरा शेवट दोन कागदांनी झाला. १८१२ मध्ये इंग्रजांनी एकाच वेळी कोल्हापूरकरांकडून मालवण आणि वाडीकरांकडून वेंगुर्ला घेतले, वर लढाऊ गलबते सोडून देण्याची अट घातली. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली, आणि लगेच १८१९ मध्ये जनरल केअरच्या फौजेने निवती व रेडी घेऊन वाडीकडून इंग्रजांचे वर्चस्व लिहून घेतले. कर्ली नदीपासून पोर्तुगीज हद्दीपर्यंतची किनारपट्टी गेली. १९०० च्या सुमारास लिहिलेल्या गॅझेटियरमध्ये संस्थानाच्या चतुःसीमा पाहा: उत्तरेला आणि पश्चिमेला इंग्रजी रत्नागिरी जिल्हा, पूर्वेला सह्याद्री, दक्षिणेला गोवा. कोकणातल्या राज्याला समुद्र नाही! माझ्या मते वाडीच्या स्वातंत्र्याचा मृत्युलेख या चार दिशांत आहे. समुद्र गेला म्हणजे दुसऱ्या कोणाला हाक मारायची सोय गेली.

यावर पहिला आक्षेप असा निघेल की मुळात हे राज्य होते कुठे; एक वतनदार घराणे, आज याचे मांडलिक, उद्या त्याचे, त्याला 'स्वातंत्र्य' हा शब्द लावणे म्हणजे आजचा अंगरखा कालच्या माणसाला चढवणे. या आक्षेपात तथ्य आहे आणि ते झटकून टाकता येत नाही. मराठी सनदांत सार्वभौमत्व ही एकसंध, अखंड वस्तू नव्हतीच. वसूल एकाचा, सरदेशमुखी दुसऱ्याची, किल्ला तिसऱ्याचा, असा एकाच गावावर तिघांचा हक्क असे. पण हीच गोष्ट उलटीही वाचता येते, आणि तशी ती जगाच्या सर्वांत मोठ्या न्यायालयात वाचली गेली आहे. १९५४ मध्ये दादरा-नगरहवेली पोर्तुगीजांच्या हातून गेल्यावर पोर्तुगालने भारतावर हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात दावा लावला. तिथे पुराव्याला आला तो १७७९ चा पेशवे-पोर्तुगीज तह आणि १७८३ व १७८५ च्या सनदा. हेगच्या न्यायाधीशांनी जहागीर आणि सरंजाम या शब्दांची चर्चा केली. १२ एप्रिल १९६० च्या निकालात न्यायालयाने म्हटले की मराठ्यांनी पोर्तुगीजांना त्या गावांचा फक्त वसूल दिला होता, सार्वभौमत्व दिले नव्हते. ते पोर्तुगीजांचे ठरले पुढे, इंग्रजांनी त्यांचा ताबा मुकाट्याने मान्य केला म्हणून. म्हणजे सरंजामाच्या सनदेतूनही कोणाचे 'सार्वभौमत्व' तयार झाले आणि कोणाचे नाही. फरक सनदेत नव्हता; नंतर आलेल्या बड्याने कोणाला बरोबरीचे मानले, यात होता. पोर्तुगालला मानले, वाडीला मानले नाही. उद्या वाडीकर 'फक्त वतनदार' होते म्हणून त्यांचा हक्क कमी ठरवायचा तर दमण प्रांतातले पोर्तुगीजही फक्त सरंजामदार होते, हे त्याच तोंडाने म्हणावे लागेल.

दुसरा आक्षेप भूगोलाचा आणि तिसरा घरभेदाचा. दोन्ही एकत्र घेतो, कारण दोन्हींचे उत्तर १८४४ च्या बंडात आहे. सह्याद्रीची जंगले आणि गड यांनी वाडी राखली असे म्हणतात. गादीच्या भांडणांनी, एकामागून एक आलेल्या अज्ञान वारसांनी आणि दरबारी खुनांनी ती बुडवली असेही म्हणतात. १८०३ मध्ये खेम सावंत वारले तेव्हापासून पंधरा-सोळा वर्षे वाडीत गादीवरून जे झाले ते खरोखर वाचवत नाही. पण घरातली भांडणे त्याआधीही होतीच, आणि तेव्हा शेजारी एकमेकांना अडवत असल्यामुळे कोणा एकाला सगळा फायदा घेता येत नसे. दोघांचे भांडण तिसऱ्याचा लाभ, ही म्हण तेव्हा वाडीच्या बाजूने चालत होती. १८३८ मध्ये इंग्रजांनी गैरकारभाराचे कारण दाखवून कारभारच हाती घेतला. १८४४ मध्ये कोल्हापूरच्या गडकऱ्यांचे बंड पेटले, ते वाडीत उतरले. फोंड सावंत तांबुळकर पुढे झाले, युवराज अण्णासाहेबही बंडवाल्यांना मिळाले. मनोहरगड आणि त्याला खेटून असलेला मनसंतोषगड हे त्यांचे ठाणे. जंगल तेच, गड तेच, आणि या वेळी गादीचा वारसही बंडात. तरी इंग्रज सेनानी औट्रमच्या फौजेपुढे १८४५ च्या आरंभी मनोहरगड पडला आणि बंडवाले गोव्यात निसटले. इथेच मुद्दा स्पष्ट होतो. १६६४ मध्ये लखम सावंत गोव्यात गेले तेव्हा पोर्तुगीज ही एक स्वतंत्र सत्ता होती, तिच्याशी सौदा होऊ शकत होता. १८४५ च्या पोर्तुगालला स्वतःलाच इंग्लंडच्या सावलीत राहायचे होते. बंडवाल्यांना तिथे आसरा मिळाला, फौज मिळाली नाही. वाट तीच होती, पण तिच्या टोकाला आता दुसरा राजा उरला नव्हता.

आता जगाकडे वळू. वाडीत बंड पेटले त्याच सुमारास मुंबई बंदरातून मजुरांची जहाजे मॉरिशसला जात होती. गिरमिटावर गेलेल्या मराठी माणसांत रत्नागिरी जिल्ह्यातले पुष्कळ होते, आणि मालवण-वेंगुर्ला तेव्हा रत्नागिरीतच मोडत होते. म्हणजे एकाच कोकणातली काही माणसे इंग्रजांच्या एका खात्यात, 'देशी संस्थान' या सदराखाली राहिली आणि काही दुसऱ्या खात्यात, 'वसाहत' या सदराखाली गेली. १९४७ मध्ये पहिले खाते बंद झाले. अधिराज्य संपले तेव्हा वाडी कागदोपत्री क्षणभर मोकळी झाली. पण चारी बाजूंना भारत आणि गोवा, हाताशी बंदर नाही, आणि मुख्य म्हणजे लोकांना वेगळे राहायचे नव्हते. १९४८ मध्ये संस्थान मुंबई प्रांतात विलीन झाले, रत्नागिरी जिल्ह्याचा भाग बनले आणि १ मे १९८१ पासून सिंधुदुर्गचा. मॉरिशसचे खाते आणखी वीस वर्षे चालले. १२ मार्च १९६८ ला तिथे झेंडा चढला तेव्हा जगात दोन महासत्ता होत्या, दोघींनाही नव्या देशांची मते हवी होती आणि लहान देशाला बसायला संयुक्त राष्ट्रांत खुर्ची होती. थोडक्यात, शेजारी पुन्हा दोन झाले होते. भूतान पाहा: हिमालयात भारत आणि चीन दोघांच्या मध्ये, १९७१ मध्ये संयुक्त राष्ट्रांत गेला. लक्झेंबर्गला १८६७ च्या लंडन तहाने तटस्थ ठरवले, कारण ते फ्रान्सला मिळाले तर प्रशियाला चालत नव्हते आणि प्रशियाला मिळाले तर फ्रान्सला. सिक्कीमही दोन मोठ्यांच्या मध्येच होते आणि १९७५ मध्ये ते भारतात आले, हे माझ्या सिद्धांताला अडचणीचे उदाहरण आहे, नाकारत नाही. दोन शेजारी असणे पुरेसे नसते, दुसऱ्याचा दरवाजा ठोठावता येणे हेही लागते, आणि सिक्कीमला ते भारताशी झालेल्या १९५० च्या तहापासूनच बंद झाले होते.

कोणी म्हणेल की या हिशेबात लोक कुठेच नाहीत. बरोबर आहे, अठराव्या शतकातल्या वाडीच्या हिशेबातही ते नव्हते. शिंद्यांशी सोयरीक, समुद्रावरचे दस्तक, पेडण्याचा सौदा, यांतले काहीही कोणा कुळाला विचारून झाले नाही, आणि हरलेल्या प्रत्येक डावाची पट्टी मात्र भात पिकवणाऱ्यावर बसली. म्हणून वाडीचे राज्य गेले याचा शोक करावा असे मला वाटत नाही. पण लोकांना विचारले गेले तेव्हा काय झाले, तेही पाहण्यासारखे आहे. १६ जानेवारी १९६७ ला गोव्यात कौल घेतला गेला: महाराष्ट्रात विलीन व्हायचे की केंद्रशासित राहायचे. विलीनीकरणाच्या बाजूने १,३८,१७० मते पडली, विरोधात १,७२,१९१. फरक ३४,०२१ चा. पेडणे-डिचोलीकडचा, म्हणजे जुन्या वाडीच्या मुलखाचा, कौल विलीनीकरणाकडे होता. जुन्या काबिजातींचा, म्हणजे पोर्तुगीजांकडे आधीपासून असलेल्या मुलखाचा, उलट. पावणेदोनशे वर्षांपूर्वीची सीमारेषा मतपेटीत उमटली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये मॉरिशसमध्ये निवडणूक झाली आणि स्वातंत्र्याला विरोध करणाऱ्या पक्षाला जवळजवळ ४४ टक्के मते पडली. म्हणजे तिथेही एकमत नव्हते. दोन्ही ठिकाणी लोकांनी ठरवले खरे, पण त्यांच्यापुढे ठेवलेल्या प्रश्नाचे शब्द फार आधी, तहांच्या कागदांवर लिहून झाले होते. पेडणेकराला 'स्वतंत्र देश हवा का' असे कोणी विचारले नाही आणि मॉरिशसच्या मराठी माणसाला 'महाराष्ट्रात यायचे का' असेही नाही.

१५ ऑगस्ट १९५४ ला गोवा मुक्तीच्या सत्याग्रहींची एक तुकडी तेरेखोलच्या किल्ल्यात शिरली आणि तिने तिथे तिरंगा लावला. दुसऱ्या दिवशी पोर्तुगीज पोलिसांनी त्यांना पकडले. आल्फ्रेड आफोन्सो हे त्या तुकडीचे पुढारी. सात वर्षांनी, १९ डिसेंबर १९६१ ला, गोव्यातली पोर्तुगीज सत्ता संपली आणि किल्ल्याला रेडीपासून तोडणारी आंतरराष्ट्रीय सीमा एका रात्रीत दोन राज्यांची हद्द झाली. हद्दीची जागा मात्र हलली नाही. किल्ल्याच्या आत आता सेंट अँथनीचे पांढरेशुभ्र चर्च आहे. बुरुजावर उभे राहिले की दक्षिणेला केरीची पुळण आणि फेरीबोट दिसते, मागे, चालत जाता येईल एवढ्या अंतरावर, महाराष्ट्र सुरू होतो, आणि १७४६ मध्ये सावंतांच्या शिबंदीने सोडलेली ही जागा त्यांच्या मुलखाला अजून परत मिळालेली नाही.